समासातला ठिपका

मी मेल्याची बातमी मला मंगळवारी सकाळी लोण्याच्या भांड्याखाली सापडली. पानभर मजकूर होता. मीरेयने छापून ठेवला होता, कारण आमच्या घरात संगणकाशी फक्त तिचंच पटतं. "वाच," ती म्हणाली, "पण आधी कॉफी पी." मी अर्थातच आधी वाचलं. पहिलंच वाक्य असं : 'टीव्हीवरचे लाडके पशुवैद्य डॉक्टर बार्नाबे यांची भूमिका करणारे अभिनेते लेओन्स ब्रेशे यांचे निधन झाले.' वाराची जागा मोकळी, वयाची जागा मोकळी, कारणाचीही मोकळी. बाकी सगळं भरलेलं. आमच्याकडे वर्तमानपत्रवाले याला थंड मांस म्हणतात. माणूस पंचाहत्तरी ओलांडून थोडाफार नावाजलेला असला, की त्याचा मृत्युलेख आधीच लिहून शीतकपाटात ठेवायचा. वेळ आली की तारीख घालून वाढायचा. गेल्या आठवड्यात एका मुलीचा फोन आला होता, एलोदी मॉर्व्हां म्हणून, की आम्ही मान्यवरांची माहिती अद्ययावत करतोय, फक्त तारखा तपासून द्याल का. अद्ययावत! नवं पुस्तक नाही, नवा सिनेमा नाही, आणि वर्तमानपत्राला तुमची आठवण होते, तेव्हा आमच्या धंद्यातलं शेंबडं पोरही समजतं की खाटीक सुरी परजतोय. तिने तारखांची यादी पाठवायची होती. चुकून अख्खं मांसच पाठवलं.

मी रागावलो तो मरणावर नव्हे. ऐंशी पूर्ण झाली, मरण काय, खालच्या मजल्यावर येऊन बसलंय, जिना चढायचा तेवढा बाकी. मी रागावलो त्या एका शब्दावर : 'अभिनेते'. आणि त्याहून दुसऱ्या वाक्यावर : 'संगीत, कादंबरीलेखन अशा अनेक क्षेत्रांत त्यांनी हौसेने मुशाफिरी केली.' हौसेने! एकशे चौदा सिनेमांचं संगीत माणूस हौसेने करतो? हौसेने माणूस रविवारी गळ टाकून बसतो, फार तर टोमॅटो लावतो. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. टेबलावर अशी थाप मारली की लोण्याबरोबर खायचे लाल मुळे ताटलीतून उडून जमिनीवर गेले. "म्हणजे एक ना धड भाराभर चिंध्या, हेच म्हणायचंय ना या कारटीला? सरळ म्हण ना मग!" मीरेयने वाकून मुळे गोळा केले, पुन्हा धुतले. "तारखा बरोबर आहेत," ती म्हणाली. "कालव्याच्या सिनेमाचं साल तेवढं चुकलं होतं, ते मी पेन्सिलीने दुरुस्त केलंय." मी वर बघितलंसुद्धा नाही. पान तिसऱ्यांदा वाचत होतो. म्हणजे वाचत कसला होतो, पहिली चार वाक्यं चघळत होतो आणि बाकीच्या मजकुरावरून नजर नुसती घरंगळत होती.

पाव आणायला खाली उतरलो तर गल्लीच्या तोंडाशी एक गृहस्थ लांब कानांचं कुत्रं घेऊन उभे. "अरे वा, डॉक्टर! जरा हिचा डावा कान बघता का? सारखी खाजवते." गेली एकोणतीस वर्षं हे चाललंय. मालिका बंद होऊन अठरा वर्षं झाली, पण लोक अजून मला कुत्री दाखवतात. सुरुवातीला मी हसून सांगायचो की अहो मी संगीतकार आहे. मग ते म्हणायचे, वा, डॉक्टर वाजवतातसुद्धा! पुढे सांगणं सोडलं. आता मी वाकतो, कान उलटा करतो, बघतो. खोटं कशाला बोलू, इतक्या वर्षांत मला थोडंफार कळायलाही लागलंय. "गवताचं कुसळ गेलंय आत," मी म्हणालो, "खऱ्या डॉक्टरकडे न्या." "खऱ्या!" ते खूश होऊन हसले. बेकरीत लूसेतबाई म्हणाल्या, "काय डॉक्टर, आज चेहरा का असा? कुणी गेलं की काय?" मी म्हणालो, "हो, मीच." त्या आणखीच हसल्या. डॉक्टर बार्नाबे विनोदी होता ना, विनोद तो करणारच.

आणि हा डॉक्टर माझ्या बोकांडी बसला कसा, ते त्या मुलीच्या पानात कुठे होतं? मला त्या मालिकेच्या संगीतासाठी बोलावलं होतं. संगीतासाठी! पहिल्या दिवशीच्या चित्रीकरणाला मी गेलो तो गावाचे आवाज ऐकायला. चर्चची घंटा कुठल्या सुरात वाजते ते टिपून घेत होतो. डॉक्टरचं काम करणारा नट सकाळी शेणात घसरला आणि त्याचा पाय मोडला. दिग्दर्शकाने इकडे तिकडे बघितलं. माझ्या अंगावर तपकिरी कोट होता, पोट थोडं सुटलेलं, चेहरा वैतागलेला. "लेओन्स, तू हा पांढरा डगला घाल रे, दोन भागांपुरता. गाय धर आणि गप्प उभा राहा." मी गाय धरली. अकरा वर्षं धरून उभा राहिलो. आणि संगीत? तिसऱ्या आठवड्यात निर्मात्याने खांद्यावर हात ठेवून सांगितलं, "हे बघ, एका माणसाचं नाव दोनदा आलं तर बरं दिसत नाही, लोकांना वाटेल आमच्याकडे माणसं नाहीत." संगीत दुसऱ्या कुणाला तरी दिलं. पहिल्या भागाच्या सुरुवातीला अकॉर्डियन रेकतं ते त्याचं, आणि गाईच्या मागे उभा आहे तो मी. आज लोकांना ते अकॉर्डियनही माझंच वाटतं. म्हणजे जे केलं ते कुणाला माहीत नाही, आणि जे केलं नाही त्याचं कौतुक. एवढा अन्याय एका जन्माला पुरे आहे.

कादंबऱ्यांचं तेच. सात लिहिल्या. चित्रीकरणात नटाचा बहुतेक वेळ वाट बघण्यात जातो. त्या वेळात बाकीचे पत्ते खेळायचे आणि मी गाडीत बसून लिहायचो. माझा नायक विमा कंपनीचा तपासनीस. तो धावत नाही, बंदूक चालवत नाही, फक्त लोकांना प्रश्न विचारतो आणि उत्तराआधी ते किती वेळ थांबतात हे ऐकतो. तो थांबा ऐकायला मी कुठे शिकलो? सिनेमात. संवाद संपतो आणि संगीत सुरू होतं, त्यांच्या मधली ती जागा. तिथे घाई केली की सगळं मेलं. हे एकच काम मी तीन दारांतून केलं, तेवढंच. पण साहित्यवाले म्हणाले, संगीतकाराचा विरंगुळा, छान आहे. संगीतवाले म्हणाले, याचं संगीत फार बोलकं आहे, लेखक ना शेवटी! नाटकवाल्यांनी तर तोंडावर सांगितलं, तू नट नाहीस लेओन्स, तू चेहरा आहेस. प्रत्येक दुकानदाराने मला शेजारच्या दुकानात पाठवलं. आणि आता तिन्ही दुकानं बंद झाल्यावर ही मुलगी येऊन म्हणते, मुशाफिरी.

बुधवार पूर्ण मी धुमसत काढला. जेवताना बोलत होतो, दाढी करताना आरशाशी बोलत होतो. मीरेय ऐकत होती, किंवा ऐकत नव्हती. तिच्या जुन्या तिरक्या टेबलाशी बसून त्या मुलीला दाखवायला मी सांगत गेलो ती सिनेमांच्या नावांची यादी लिहून काढत होती. ते टेबल बिजागरीचं, हवं तसं कलतं. एक्याण्णव साली माझी बायको सिल्व्हेन मला सोडून तिच्या नव्या दिग्दर्शकाकडे गेली आणि त्र्याण्णव साली मीरेय या घरात आली, ती दोन सुटकेसा आणि हे टेबल घेऊन. लग्न केलं नाही. मी विचारलं होतं, खरंच विचारलं होतं. ती म्हणाली, "नगरपालिकेत जाऊन तिरंगी पट्टा घातलेल्या महापौरासमोर उभं राहायचं? सही कशावर, की तू रात्री घोरतोस आणि ते मला चालतं? ते मला चालत नाहीच मुळी." त्यामुळे कुठल्याच कागदावर आमचं काही नाही. आम्हाला त्याचा अभिमान होता. आमच्या पिढीच्या निम्म्या लोकांना होता. "एकशे बाराच नावं सांगितलीस तू," बुधवारी दुपारी ती म्हणाली. "एकशे चौदा आहेत. तो बर्फातला आणि तो नन्सचा विसरलास." मी म्हणालो, नन्सचा भिकार होता. ती म्हणाली, "भिकार होता, पण तीनशे पानं लिहिली आहेत मी त्याची." आणि नाव लिहून टाकलं.

मीरेय सोर्बे माझी नकलनवीस होती. संगीतकार ऑर्केस्ट्राची मोठी वही लिहितो, त्यातून एकेका वादकाची पानं वेगळी काढून स्वच्छ लिहायची ते तिचं काम. व्हायोलावाल्याला फक्त व्हायोला, बासरीवाल्याला फक्त बासरी. काळी शाई, रुंद निब, आणि चुकलं तर दाढीच्या पात्याने खरवडायचं. वादक वाजवतात ते तिचं अक्षर वाचून. माझं अक्षर त्यांनी कधी पाहिलंच नाही, आणि पाहिलं असतं तर वाजवलं नसतं. नकलनवीसांचा एक दंडक होता, आणि तो मोडणाऱ्या माणसाला पुन्हा काम मिळत नसे : वहीतली चूक आपण सुधारायची नाही. चूक दिसली, शंका आली, तर समासात पेन्सिलीने एक बारीक ठिपका द्यायचा आणि गप्प बसायचं. संगीतकाराने तो बघायचा, आणि स्वतःहून विचारायचं. त्याने विचारलं तरच बोलायचं. त्याने बघितलाच नाही तर जसं आहे तसं लिहायचं, मग वाजताना जगाला कळलं तरी बेहत्तर. चित्रपटाच्या नावांच्या पाटीवर या लोकांचं नाव कधी येत नसे. केशरचनाकाराचं येई, घोडे सांभाळणाऱ्याचं येई.

शहात्तर साल. कालव्याच्या त्या सिनेमात चाळीस मिनिटं संगीतच नाही. मीच हट्टाने नाही म्हटलं होतं. मग म्हातारा नावाडी कालव्याच्या दोन लोखंडी दरवाजांमधल्या कुंडात येतो, पाणी भरायला लागतं, नाव बोटाबोटाने वर चढते, आणि तिथे माउथ ऑर्गन सुरू होतो, खाली व्हायोला, व्हायोलिनहून खर्जातला. तीन मिनिटं. स्टुडिओत बेचाळीस वादक, त्यांच्या पाठीमागे भिंतीवर ते दृश्य फिरतंय, मी पडद्याकडे तोंड करून हात वर केलेला. आदल्या दिवशी वही चाळताना आठव्या ओळीच्या समासात एक ठिपका दिसला होता. कोपऱ्यात शाईच्या बोटांची एक चोवीस वर्षांची मुलगी उभी होती. "काय आहे हे?" मी खेकसलो. "काही नाही," ती म्हणाली, "इथे व्हायोलाचा स्वर माउथ ऑर्गनला टोचतोय. हे तुम्हाला असंच हवंय का?" मी बघितलं. सरळ सरळ चूक होती, घाईत अर्धा स्वर खाली पडला होता. मी पियानोवर दोन्ही एकदम वाजवले. टोचत होतं. पुन्हा वाजवले. त्या टोचण्यातून कळत होतं, की नाव वर चढतेय पण म्हाताऱ्याला वर जायचं नाहीये. "असंच हवंय," मी म्हणालो. तिने खिशातून खोडरबर काढलं, ठिपका पुसला, फुंकर मारली, आणि लिहायला गेली. मी आयुष्यात केलेलं एकमेव चांगलं काम ते. नम्रपणा म्हणून सांगत नाही, माझ्या अंगात तो नाही. बाकीचे एकशे तेरा मी नीट केले, हे एक झालं.

गुरुवारी अकरा वाजता मी त्या मुलीला आमच्या चौकातल्या कॅफेत बोलावलं होतं. ती आधीच येऊन बसली होती. तिशीची असेल, गळ्यात लोकरी मफलर, चेहरा शरमेने लाल. "मसिय ब्रेशे, मी कुठल्या तोंडाने माफी मागू? ते पान तुम्हाला यायला नको होतं." "का? मीच तर त्याचा खरा वाचक," मी म्हणालो. "इतर लोक वाचतील तेव्हा मला पत्र पाठवता येणार नाही." आणि यादी तिच्यापुढे आपटली. तिने ती उलटली. "अक्षर किती सुंदर आहे तुमचं," ती म्हणाली. मी 'हं' म्हणालो आणि माझा मुद्दा सुरू केला. लिहिताना आता हात थांबतोय, पण तेव्हा मी 'हं' म्हणालो.

"बाईसाहेब, हौसेने म्हणजे काय?"

"तो शब्द काढते. पण मसिय ब्रेशे, मला एक पान आहे फक्त. जागा, टिंबं, सगळं धरून पंधराशे अक्षरं."

"ऐंशी वर्षं, आणि पंधराशे?"

"मंत्र्यांना तीन हजार असतात."

"आणि फुटबॉलवाल्यांना?"

"त्यांना पुरवणी," ती म्हणाली, आणि तिला हसू आवरलं नाही. मलाही आलं असतं, पण मी ठरवून आलो होतो. चाळीस मिनिटं आम्ही बाजारात घासाघीस करतात तसे भांडलो. संगीतकार आधी. मग लेखक. मग नट. ती म्हणे, "डॉक्टरांना पहिल्या ओळीतून काढलं तर लोक पान उलटतील." मी म्हणालो, उलटू देत. ती म्हणे, "तुमच्याच भल्यासाठी म्हणते." मी म्हणालो, माझं भलं करायला तुम्हाला आता फार उशीर झालाय. शेवटी तडजोड झाली : आधी 'संगीतकार, कादंबरीकार आणि अभिनेते', मग लगेच कालव्याची ओळ, 'माउथ ऑर्गन आणि व्हायोलासाठी त्यांनी लिहिलेली तीन मिनिटे फ्रेंच पडद्यावरील अविस्मरणीय क्षणांपैकी आहेत', आणि मग डॉक्टर. 'अविस्मरणीय' तिचा. मी नको म्हणालो नाही. मेल्या म्हशीला मणभर दूध असतंच. माझी म्हैस जिवंतपणी आटवली होती, आता थोडं दूध चालेल. मी खुर्चीत मागे टेकलो. जिंकलो होतो. तिने अक्षरं मोजली. "चौदाशे अठ्ठ्याण्णव. बसलं! शेवट तसाच ठेवू ना?"

शेवट मी वाचला होता का? तीन दिवसांत ते पान मी वीसदा हातात घेतलं होतं. खिशातून ते काढलं, चष्मा पुसला. खालच्या परिच्छेदाच्या समासात एक डाग होता. मंगळवारपासून होता, मी तो लोण्याचा धरून चाललो होतो. लोण्याचा डाग पसरतो, पारदर्शक होतो. हा पसरला नव्हता. बारीक होता, राखाडी होता, गोल होता. एकोणपन्नास वर्षं मी हे ठिपके बघत आलो होतो. त्याच्या समोर लिहिलं होतं : 'त्यांचा एकदा विवाह झाला होता, एक मुलगा आहे. मेनिलमोंतां येथील घरात ते एकटेच, आपल्या पियानोच्या सोबतीने राहत असत.'

"हे कुणी सांगितलं तुम्हाला?" माझा आवाज इतका चढला की शेजारच्या टेबलावरच्या बाईंनी कप खाली ठेवला. "एकटाच? कुठल्या गाढवाने सांगितलं?"

मुलगी गोंधळली. "तुम्हीच," ती म्हणाली. तिने मोबाइल काढला, शोधला, माझ्यापुढे धरला. बारा वर्षांपूर्वीची टीव्हीवरची मुलाखत. माझ्याच दिवाणखान्यात, माझ्याच खुर्चीत मी, गळ्यात तो मूर्ख निळा रुमाल. निवेदिका विचारते, आता आयुष्य कसं चाललंय? आणि तो माणूस हनुवटी वर करून म्हणतो, "मी एकटा राहतो. पियानो आहे सोबतीला. तो भांडत नाही." निवेदिका हसते. आणि त्याच क्षणी डाव्या बाजूने एक हात पडद्यावर येतो, कॉफीचा कप टेबलावर ठेवतो, आणि निघून जातो. मधल्या बोटाच्या पेराशी शाईचा डाग आहे. चेहरा दिसत नाही. हात दोन सेकंद असेल.

मला तो दिवस आठवला. विसरलोच नव्हतो, फक्त त्याच्याकडे कधी मागे वळून बघितलं नव्हतं. सहाजण आले होते तारा आणि दिवे घेऊन. मीरेयने सगळ्यांना कॉफी केली. निवेदिका दारातच तिला म्हणाली होती, "हे कोट जरा कुठे ठेवाल का?" आणि माझ्याकडे वळून, "मसिय, तुमच्या कामवाल्या बाई फार छान आहेत हो." मी काय केलं? हसलो. लाज वाटली म्हणून नव्हे. मीरेयची मला कधीच लाज वाटली नाही. कारण याहून क्षुद्र होतं : एकटा म्हातारा कलावंत आणि त्याचा पियानो, हे वाक्य मला त्या क्षणी फार सुरेख वाटलं. उचलली जीभ लावली टाळ्याला. मी लेखकही आहे ना! वाक्य छान जमलं की माणसं वाहून गेली तरी चालतात. मीरेय त्या दिवशी कप विसळत होती, स्वयंपाकघराचं दार उघडं होतं. संध्याकाळी आम्ही मसूर खाल्ले. ती काही बोलली नाही, आणि मी विचारलं नाही. कसं बोलणार? मी विचारलं असतं तरच बोलली असती.

राग कुठे ठेवावा ते मला कळेना. तीन दिवस तो इतका छान जळत होता, या मुलीवर, त्या निर्मात्यावर, दुकानदारांवर, कुत्रेवाल्यांवर. आता सगळा उलटा फिरून घरी आला होता. माझी कामं कुठल्या क्रमाने येतात यावर मी चाळीस मिनिटं एका पोरीशी हमरीतुमरी केली, आणि एका बाईच्या आयुष्याची बत्तीस वर्षं मी स्वतः, फुकटात, हसत हसत पुसली होती. दाढीचं पातंसुद्धा लागलं नव्हतं.

"तो हात कुणाचा आहे?" मुलीने हळूच विचारलं. हुशार होती.

"ज्या अक्षराचं तुम्ही मघाशी कौतुक केलंत, त्याच बाईंचा," मी म्हणालो. "लिहा. 'एकटेच' काढा. पियानो काढा, तो मेला भंगारात जाऊ दे. लिहा : त्यांच्या संगीताच्या नकलनवीस मीरेय सोर्बे यांच्यासह ते बत्तीस वर्षे राहिले, वादकांनी वाजवला तो प्रत्येक स्वर त्यांच्या हातचा होता."

तिने लिहिलं. मोजलं. ओठ चावला. "नव्वद वर जातात. कुठून तरी काढावी लागतील." मग माझ्याकडे न बघता म्हणाली, "नकलनवीस सोडून नुसतं 'सहचारिणी' घातलं, दुसरा भाग काढला, तर बसेल."

"एक अक्षर काढायचं नाही त्यातलं!" मी ओरडलो. "कालव्याची ओळ काढा." तिने मान वर केली. तिचा विश्वास बसेना. "तीच तर तुम्हाला..." "काढा," मी म्हणालो, "आणि लवकर काढा, माझा विचार बदलायच्या आत." तिने काढली. कॅफेवाल्याकडच्या यंत्रावर नवं पान छापून दिलं, आणि निरोप घेताना माझा हात दोन्ही हातांत धरला. बाहेर आलो तर एका बाईंनी त्यांचं पांढरं कुत्रं माझ्याकडे ओढलं. "डॉक्टर..." "मेला तो!" मी म्हणालो, आणि पुढे गेलो. त्या बाईंचा चेहरा पडला. कुत्र्याचा काय दोष होता? पण मला त्या वेळी कुणाचेच कान बघायचे नव्हते.

मीरेय स्वयंपाकघरात उकडलेल्या लीकच्या, त्या जाड पातीकांद्याच्या, कांड्यांवर तेल आणि मोहरीचं कालवण ओतत होती. मी नवं पान तिच्यापुढे ठेवलं. काय बोलायचं ते जिन्यात तीनदा ठरवलं होतं, चार मजल्यांवर तीन मसुदे. दारात एकही उरला नाही. "तू ठिपका दिलास," मी म्हणालो, "आणि मी तीन दिवस बघितला नाही."

"बारा वर्षं," ती म्हणाली. हात पुसले. चष्मा लावला. "सहा कप कॉफी केली होती मी. एकीने साखर नाही म्हणून परत पाठवली. आणि तू म्हणालास तो भांडत नाही. मी काय भांडत होते रे तुझ्याशी? आज सांग. केव्हा भांडले?"

"केव्हाच नाही," मी म्हणालो.

"तेच चुकलं," ती म्हणाली. मला पहिल्यांदाच कळलं की या घरात नाकावर राग असलेला माणूस एकटा मीच नव्हतो. माझा गल्लीभर ऐकू जायचा, तिचा समासात मावायचा. तिने खालचा परिच्छेद वाचला. दोनदा वाचला. मग खुर्ची ओढून बसली, माझ्या खिशातून डोकावणारं जुनं पान काढून घेतलं, एप्रनच्या खिशातून खोडरबर काढलं, ठिपका पुसला, आणि फुंकर मारली. मला वाटलं, संपलं. माझ्या डोळ्यांत पाणी आलं, ते मी लपवलंही नाही. तिचं लक्ष नव्हतं. ती आता नवं पान वरून वाचत होती, बोट ओळीवरून सरकत होतं, आणि एका जागी थांबलं.

"कालवा कुठे गेला?"

"जागा नव्हती."

"जागा नव्हती म्हणजे? माझं नाव घालायला माझंच पान फाडलंस? बेचाळीस वादकांची पानं लिहिली आहेत मी त्याची, दोन रात्री आणि एक रविवार. तो स्वर तुझा पडला होता, पण दिसला कुणाला?" ती खरोखर संतापली होती, गाल लाल झाले होते, एकोणपन्नास वर्षांत मी तिला अशी पाहिली नव्हती. तिने पेन्सिल उचलली आणि जिथे कालव्याची ओळ होती, तिथे समासात एक ठिपका दिला. बारीक, गोल. मग पेन्सिल खाली ठेवून हाताची घडी घातली आणि गप्प बसली.

मी या वेळी वाट बघायला लावली नाही. "काय आहे हे?" मी विचारलं.

"हे तुला असंच हवंय का?"

"नाही," मी म्हणालो. "पण मग काढायचं काय?"

"गाईवाला डॉक्टर काढ."

"मीरेय, अगं, डॉक्टर काढला तर कोण मेलं ते कुणालाच कळणार नाही."

"मला कळेल," ती म्हणाली, आणि फोन माझ्यापुढे सरकवला.